झुरक्याआधीचा खटाटोप

तंबाखूची हकिगत सांगणारे बहुतेक जण पानापासून सुरुवात करतात. पान कोणत्या देशातून आले, कोणत्या जमिनीत पिकते, त्यात निकोटिन किती असते, हे प्रश्न महत्त्वाचे आहेतच. पण एखाद्या माणसाच्या शरीरात दिवसभरात किती तंबाखू जाते, हे निव्वळ पानावरून समजत नाही. ते समजण्यासाठी पान हाती आल्यापासून पहिला झुरका घेईपर्यंत माणसाला काय काय करावे लागते, ते पाहावे लागते. चुरायचे की चिरायचे, भरायचे कशात, विस्तव कोणाकडून आणायचा, एकट्याने ओढायचे की चौघांत, आणि एक भर संपली की पुन्हा सगळे पहिल्यापासून करायचे की नाही, या साध्या वाटणाऱ्या गोष्टींनी तंबाखूचे प्रमाण ठरवले आहे. झुरक्याआधीचा हा खटाटोप जसजसा कमी होत गेला, तसतशी तंबाखूची पकड घट्ट होत गेली, असे माझे म्हणणे आहे. ते पडताळून पाहण्यासाठी दोन ठिकाणे घेऊ. एक जपान, जिथे तंबाखू केसासारखी बारीक चिरून धातूच्या इवल्याशा नळीतून ओढली जाई. दुसरे ठिकाण म्हणजे परभणी जिल्ह्यातल्या जिंतूर तालुक्यातील येलदरी आणि तिच्याभोवतीचा पूर्णाकाठ. येलदरीचे नाव महाराष्ट्राला १९६८ मध्ये पूर्ण झालेल्या धरणामुळे ठाऊक आहे. पण ते धरण होण्याच्या कितीतरी आधीपासून या मुलखात, साऱ्या मराठवाड्याप्रमाणे, मातीची चिलीम फिरत होती.

ही दोन ठिकाणे शेजारी ठेवायला सबळ कारण आहे. दोन्हीकडे तंबाखू जवळपास एकाच काळात आणि मोठ्या प्रमाणात एकाच समुद्रमार्गाने पोहोचली. पोर्तुगिजांनी १५१० मध्ये गोवा घेतले, १५७१ पासून त्यांची जहाजे नागासाकीला लागू लागली, आणि गोवा, मकाव, नागासाकी अशी त्यांच्या व्यापाराची साखळी तयार झाली. सोळाव्या शतकाच्या अखेरीस आणि सतराव्याच्या आरंभी अमेरिकेतले हे पान या साखळीतून, तसेच मनिलाहून येणाऱ्या स्पॅनिश जहाजांतून जपानला गेले. दख्खनेत ते गोव्याच्या बाजूने चढले. उत्तर हिंदुस्थानातल्या दरबाराला तर तंबाखूची ओळखच दख्खनेने करून दिली. अकबराचा अधिकारी असद बेग १६०४-०५ च्या सुमारास विजापूरच्या आदिलशाही दरबारातून परतला, तेव्हा तंबाखू आणि ती ओढण्याची रत्नजडित नळी सोबत घेऊन गेला. हकिमाचा विरोध असताना अकबराने कुतूहल म्हणून दोन-चार झुरके घेतले. पुढे जहांगीराने १६१७ मध्ये तंबाखूवर बंदी घातली. त्याच सुमारास जपानमध्ये तोकुगावा राजवटही एकामागून एक बंदीहुकूम काढत होती. कुठलीच बंदी टिकली नाही. म्हणजे पान एक, काळ एक, राज्यकर्त्यांची पहिली प्रतिक्रियाही एक. फरक पडला तो पान ओढण्याच्या साधनात, आणि म्हणूनच साधनाचा परिणाम वेगळा काढून पाहायला ही जोडी उपयोगी पडते.

जपानी पद्धतीतले बरेचसे कष्ट पान चिरण्यात होते. बारीक चिरलेल्या या तंबाखूला किझामी म्हणतात. वाळवून मुरवलेल्या पानाची मधली शीर काढायची, पाने एकावर एक रचून त्यांची घडी घालायची, फळीखाली दाबून धरायची आणि रुंद, जड सुरीने इतके बारीक चिरायचे की तंतू माणसाच्या केसाइतका व्हावा. तोकुगावांच्या, म्हणजे एदो काळातल्या लहान दुकानांत बायको पाने साफ करून रचून द्यायची आणि नवरा चिरायचा. संसारच त्या सुरीभोवती चाले. पुढे पानांचा घट्ट दाबलेला ठोकळा रंध्यासारख्या पात्याने तासण्याची हातयंत्रे आली. दक्षिणेकडील कोकुबू आणि एदो शहराजवळचे हादानो या भागांतल्या पानांना विशेष नाव होते. चांगल्या किझामीत गूळ, मध, अत्तर असे काही मिसळत नसत. पानाची जात, मुरवण आणि चिरण्यातली सफाई यांवरच तिची चव अवलंबून असे. एवढे बारीक चिरण्याचा थेट परिणाम असा की तंबाखू सहज पेट घेते आणि भराभर जळून जाते. जाड चुऱ्याला निखारा वर ठेवून धुमसवावे लागते. किझामीला निखाऱ्याचा नुसता स्पर्श पुरतो. त्यामुळे ती ओढायला मोठे भांडे लागत नाही, आणि मोठे भांडे असून उपयोगही नाही.

किसेरू नावाची जपानी नळी याच गुणाला धरून घडली. तिला पुढे धातूची वाटी, मागे धातूचे मुखपत्र आणि मध्ये बांबूची नळी. सुरुवातीच्या किसेरूंच्या वाट्या बऱ्यापैकी मोठ्या होत्या. चिरण बारीक होत गेली तशा त्या लहान होत गेल्या. शेवटी वाटीत हरभऱ्याएवढी गोळी मावेल इतकीच जागा उरली. ओढणारा चिमूटभर तंबाखू बोटांत हलकेच गोल करतो, वाटीत ठेवतो, राखेत पुरलेल्या कोळशाच्या निखाऱ्यावर वाटी टेकवतो आणि दोन-तीन झुरके घेतो. तेवढ्यात भर संपते. मग बांबूच्या नळकांड्यावर वाटी ठोकून राख पाडायची आणि हवी असल्यास दुसरी गोळी करायची. निखाऱ्याचे भांडे, राखेचे नळकांडे आणि तंबाखूची डबी असे सगळे एका तबकात मांडलेले असे, आणि पाहुणा आला की ते तबक पुढे येई. बाहेर पडताना तंबाखूची पिशवी आणि नळीचे म्यान कंबरपट्ट्याला अडकवत. मधली बांबूची नळी डांबराने तुंबली की ती बदलून देणारे कारागीर गल्लीबोळांतून फिरत. शेतकरी तर पहिल्या भरीचा जळता अवशेष तळहातावर झेलून त्यावरच दुसरी भर पेटवत. या सगळ्यात एक गोष्ट पक्की होती: दर दोन-तीन झुरक्यांनंतर साधन रिकामे होई आणि पुन्हा ओढायचे की थांबायचे, हे माणसाला नव्याने ठरवावे लागे.

आता पूर्णाकाठी येऊ. मराठवाड्याच्या चिलमीत पान चिरण्याचे कष्ट जवळजवळ नव्हतेच. बाजारातून आणलेली जाड तंबाखू तळहातावर चुरली, कधी गुळाचा खडा मळून घेतला, की झाले. कष्ट होते ते विस्तवाचे. कुंभाराने भट्टीत भाजलेली मातीची चिलीम म्हणजे एका टोकाला रुंद आणि दुसऱ्याला निमुळती होत गेलेली पोकळ नळी. तंबाखू ओढीबरोबर घशात येऊ नये म्हणून आत मानेशी एक खडा टाकायचा, त्यावर तंबाखू भरायची, वर निखारा ठेवायचा. खालच्या तोंडाला ओल्या फडक्याची छापी गुंडाळायची, दोन्ही हातांची ओंजळ करून चिलीम बोटांत धरायची आणि ओठ चिलमीला न लावता ओंजळीतून दम ओढायचा. छापी कोरडी पडली तर चटका बसतो आणि धूर घशाला लागतो, म्हणून ती पुन्हा पुन्हा भिजवायची. निखारा विझत आला तर फुंकायचा, राख साचली तर झाडायची. हे सगळे एकट्याने करणे गैरसोयीचे असल्याने चिलीम बहुधा चौघांत पेटे. एकाने भरायची, एकाने विस्तव आणायचा, आणि दम मारून झाला की ती शेजाऱ्याच्या हाती द्यायची. चार-पाच हातांतून फिरून चिलीम परत आपल्याकडे येईपर्यंत आतली तंबाखू बहुतेक जळून गेलेली असे.

विस्तव मिळवणे किती जिकिरीचे होते, हे आजच्या वाचकाच्या सहज लक्षात येत नाही. शेतात असताना चकमक आणि गारगोटी घासून सावरीच्या कापसावर ठिणगी धरावी लागे, आणि पावसाळी हवेत ती चटकन धरत नसे. गावात असताना कोणाच्या तरी चुलीतला नाहीतर आगटीतला निखारा मागावा लागे. दासगणू महाराजांनी १९३९ मध्ये लिहिलेल्या ‘श्री गजानन विजय’ ग्रंथात याचा मोठा बोलका पुरावा आहे. शेगावात अक्षय्य तृतीयेच्या दिवशी गजानन महाराजांच्या चिलमीसाठी विस्तव हवा असतो, मुले तो मागायला सोनाराकडे जातात आणि सोनार सणाच्या दिवशी विस्तव द्यायला नकार देतो. भाविक या कथेत पुढचा चमत्कार पाहतात. आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचे हे की चिलीम ओढण्यासाठी दुसऱ्याच्या दारी जावे लागे, आणि तो ‘नाही’ म्हणू शके. परभणी जिल्ह्यातल्या पाथरीशी ज्यांच्या जन्माची परंपरा जोडली जाते, त्या शिर्डीच्या साईबाबांच्या आठवणींतही चिलीम जमलेल्या मंडळींत फिरते. हातातून हातात फिरण्याची ही रीत धार्मिक बैठकीपुरती नव्हती. चावडी, पार, खळे अशा जागी तीच रीत होती, आणि तिच्यामुळे ओढण्याच्या वेळा माणसाच्या एकट्याच्या लहरीवर न राहता गावाच्या कामाच्या आणि विसाव्याच्या वेळांशी बांधल्या जात.

दोन्ही पद्धती अशा शेजारी ठेवल्या की त्यांची दिशा उलटी दिसते. जपानने सारी मेहनत सुरीवर घातली आणि विस्तवाचे काम सोपे केले. मराठवाड्याने सुरी वापरलीच नाही आणि सारी मेहनत विस्तव, माती आणि माणसे जमवण्यावर गेली. जपानी माणूस एकटाही ओढू शके, पण त्याची वाटी त्याला दर दोन-तीन झुरक्यांनी थांबवी. आपल्याकडची चिलीम मोठी, पण तिला चार वाटेकरी असत. परिणाम मात्र एका जागी येऊन मिळतो: दोन्हीकडे एका बैठकीला माणसाच्या वाट्याला मोजकेच झुरके येत आणि दोन बैठकांच्या मध्ये सक्तीची उसंत पडे. निकोटिनची गोष्ट अशी की धूर छातीत ओढल्यावर ते साधारण दहा सेकंदांत मेंदूपर्यंत पोहोचते, आणि सवय पक्की होते ती असे झुरके दिवसभर किती वेळा आणि किती जवळजवळ येतात त्यावर. म्हणून उसंत हा किरकोळ तपशील नाही. सवय कितपत मुरते, याच्या मुळाशी तीच आहे.

यावर पहिला आक्षेप असा घेता येईल की कमी ओढण्याचे कारण गरिबी होते, त्याचे श्रेय साधनाला कशाला द्यायचे? कोरडवाहू शेतकऱ्याच्या चंचीत तंबाखूच थोडी, तर तो ओढणार किती? या आक्षेपात तथ्य आहे, पण तो अर्ध्या वाटेवर थांबतो. एदोतल्या धनाढ्य व्यापाऱ्याची किसेरू चांदीची असे, तिच्यावर नक्षी असे. वाटी मात्र हरभऱ्याएवढीच राही. पैशाने धातू बदलला, भर बदलली नाही. उलट आपल्याकडे श्रीमंतांनी साधनच बदलले. सरदारांच्या आणि इनामदारांच्या बैठकीत हुक्का आणि गुडगुडी आली, आणि तिच्याबरोबर चिलीम भरणारा, निखारा बदलणारा, पाणी पाहणारा नोकर आला. खटाटोप तसाच राहिला, पण ओढणाऱ्याच्या अंगावरून उतरून दुसऱ्याच्या अंगावर गेला, आणि मग तासन्‌तास नळी तोंडात ठेवणे शक्य झाले. म्हणजे श्रीमंतीने प्रमाण वाढले ते ज्या साधनात खटाटोप दुसऱ्यावर टाकता येत होता तिथे. जिथे गोळी स्वतःच्याच बोटांनी करायची होती तिथे श्रीमंतीलाही त्या चिमटीची मर्यादा पाळावी लागली. हा फरक गरिबीच्या स्पष्टीकरणात बसत नाही.

दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे. एदो काळातल्या जपानमध्ये स्त्री-पुरुष दोघेही सर्रास तंबाखू ओढत. एका भरीने समाधान झाले नाही तर तीन-चार भरी लागोपाठ ओढणारेही होते. मग त्या बारीक वाटीने काय थांबवले? याचे उत्तर देताना माझ्या मुद्द्याची सीमा स्पष्ट करायला हवी. खटाटोपामुळे ओढणाऱ्यांची संख्या कमी राहते, असा माझा दावा नाही. लोकांना एखादी गोष्ट आवडली की ते कष्ट घेऊन ती करतात, हे चार शतकांच्या तंबाखूने दाखवून दिले आहे. खटाटोप ठरवतो तो एका माणसाचा दिवसभराचा वाटा आणि त्या वाट्याचे वेळापत्रक. लागोपाठ चार भरी ओढणाऱ्यालाही चार वेळा तंबाखू चिमटीत घ्यावी लागते, चार वेळा वाटी ठोकावी लागते, आणि दर वेळी हात आवरण्याची एक संधी मिळते. ही संधी तो घेतो की नाही हा पुढचा प्रश्न. पण संधीच नसेल तर तो प्रश्नही उभा राहत नाही. शिवाय नांगर, विळा किंवा मागाचा धोटा हातात धरून किसेरूही ओढता येत नाही आणि चिलीमही नाही. काम थांबवावेच लागते, आणि काम थांबवण्याची मुभा दिवसातून किती वेळा मिळते हे मालक, हंगाम आणि ऊन ठरवतात.

खटाटोप नाहीसा होण्याची पहिली मोठी पायरी म्हणजे काड्यापेटी. विसाव्या शतकाच्या आरंभी हिंदुस्थानात विकल्या जाणाऱ्या काड्यापेट्यांत स्वीडनच्या आणि जपानच्या मालाचा मोठा वाटा होता. ज्या जपानमध्ये राखेतला निखारा जपून ठेवण्याची कला इतकी पुढे गेली होती, त्याच देशाच्या स्वस्त काड्यांनी इथली चकमक मागे टाकली. विस्तवासाठी दुसऱ्याच्या दारी जाण्याची गरज संपली आणि तिच्याबरोबर नकाराची शक्यताही संपली. मागोमाग विडी सर्वत्र पसरली. टेंभुर्णीच्या पानात गुंडाळलेली, दोऱ्याने बांधलेली विडी म्हणजे आधीच भरून ठेवलेली, एकट्याची आणि फेकून देण्याजोगी चिलीम. गोंदिया-भंडाऱ्याच्या जंगलातले आणि मराठवाड्यात किनवट-माहूरकडचे टेंभुर्णीचे पान, निपाणी भागातली तंबाखू आणि रेल्वे यांच्या जोरावर ती गावोगावच्या दुकानांत पोहोचली. परदेशी सिगारेटला पर्याय म्हणून स्वदेशीच्या वातावरणानेही तिला बळ दिले. खडा, छापी, ओंजळ, चार माणसे या साऱ्यांची गरज एका काडीने आणि एका विडीने संपवली. धोतराच्या सोग्यात विड्यांचा कट्टा खोचला की माणूस शेताच्या कोणत्याही बांधावर, कोणत्याही घटकेला ओढू शकत होता.

पण कष्ट खरोखर नाहीसे झाले का? नाही, ते दुसऱ्यांच्या अंगावर गेले, आणि या ठिकाणी माझा मुद्दा निव्वळ सवयीचा न राहता न्यायाचाही होतो. चिलीम भरण्याचे जे काम ओढणारा स्वतः करत होता, ते आता सोलापूर, सिन्नर, निपाणी अशा ठिकाणच्या बायका हजारी दराने करू लागल्या. पान भिजवायचे, पत्र्याच्या मापाने कापायचे, तंबाखू भरायची, वळायची, तोंड दुमडायचे, दोरा बांधायचा, आणि एका दिवसात हजारभर विड्या पुऱ्या करायच्या. तंबाखूची धूळ दिवसभर श्वासात आणि घरात मुलाबाळांच्या अंगावर. या कामगारांसाठी कायदा व्हायला १९६६ साल उजाडले. सोलापूरजवळ कुंभारी इथे विडी कामगार स्त्रियांना हक्काची दहा हजार घरे मिळाली, त्या वसाहतीला गोदूताई परुळेकरांचे नाव आहे. पण त्यासाठी या बायकांना वर्षानुवर्षे लढावे लागले. एका पुरुषाचा झुरका सोपा होतो तेव्हा कुठल्या तरी घरात एका बाईच्या बोटांवर त्याचे ओझे पडते. एदोच्या दुकानात नवरा-बायको मिळून पान चिरत होते तेव्हाही कष्ट होतेच, पण त्यांचे गिऱ्हाईक गोळी स्वतः करत होते. विडीने गिऱ्हाइकाचे उरलेसुरले कामही काढून घेतले.

सिगारेटने हे काम पूर्ण केले. अमेरिकेत जेम्स बोन्सॅकने १८८१ मध्ये सिगारेट वळणाऱ्या यंत्राचे पेटंट घेतले. ते यंत्र दिवसाला लाखाहून अधिक सिगारेटी वळू शके. त्याच्या जोडीला गरम हवेच्या भट्टीत वाळवलेले पिवळे पान आले, ज्याचा धूर घशाला न टोचता छातीत खोल जातो. म्हणजे हातांचा अडसर यंत्राने काढला आणि घशाचा अडसर भट्टीने. जपान सरकारने रशियाबरोबरच्या युद्धाच्या खर्चासाठी १९०४ मध्ये तंबाखूचे उत्पादन आपल्या मक्त्यात घेतले, आणि पुढच्या दोन दशकांत किझामीची जागा सिगारेटने घेतली. १९६६ मध्ये जपानमधल्या प्रौढ पुरुषांपैकी ८३.७ टक्के सिगारेट ओढत होते. किझामी ओढणारे आज तिथे मूठभर हौशी लोक उरले आहेत. मराठवाड्यात हैदराबादच्या वझीर सुलतान कंपनीची चारमिनार निजामाच्या राजवटीपासून तालुक्याच्या गावांत पोहोचली होती. एका सिगारेटमध्ये साधारण दहा झुरके धरले आणि दिवसाला एक पाकीट धरले तर दोनशे झुरके होतात. दोन-तीन झुरक्यांनी रिकामी होणारी वाटी दोनशे झुरक्यांसाठी सत्तर ते शंभर वेळा भरावी लागली असती. एवढा वेळ कामाच्या माणसाला कुठून मिळणार?

याच वाटेने आपण आजच्या येलदरीच्या बाजारापर्यंत येतो. चिलीम आता म्हाताऱ्यांच्या आणि साधूंच्या हातीच उरली, विडीही मागे पडली, आणि धुराचे प्रमाण खरोखर घटले. २०१६-१७ च्या जागतिक प्रौढ तंबाखू सर्वेक्षणानुसार महाराष्ट्रात १५ वर्षांवरील जेमतेम ३.८ टक्के लोक धूम्रपान करत होते. हा आकडा एकटा पाहिला तर समाधान वाटेल. पण त्याच सर्वेक्षणात २४.४ टक्के लोक धूरविरहित तंबाखू, म्हणजे खायची, चघळायची किंवा दातांना लावायची तंबाखू वापरत होते. इथेही आधी खटाटोप होता. चंची सोडायची, चुन्याची डबी काढायची, तंबाखू तळहातावर अंगठ्याने मळायची, फटकारून चुना झाडायचा आणि मग चिमूट ओठाखाली ठेवायची. बायकांची मिश्रीही तव्यावर भाजून, कुटून, डबीत भरून ठेवावी लागे. दुकानातल्या तयार तंबाखूच्या पुडीने हे सगळे पुसून टाकले. दाताने फाडली, तोंडात रिकामी केली, झाले. तिला विस्तव लागत नाही, जागा लागत नाही, कोणाची संगत लागत नाही. ट्रॅक्टर चालवताना, कापूस वेचताना, शाळेच्या बाकावरसुद्धा ती तोंडात राहू शकते, आणि धूर नसल्याने घरच्यांना महिनोन्‌महिने पत्ता लागत नाही. खटाटोप शून्यावर आला की वयाची अटही गळून पडते, कारण चिलमीच्या बैठकीत पोराला वडीलधारे उठवून लावत. पुडीच्या आड कोणी वडीलधारा येत नाही.

आता तिसरा आणि सर्वांत गंभीर आक्षेप: या साऱ्या विवेचनातून चिलीम किंवा किसेरू बरी होती असा अर्थ निघत नाही का? तसा अर्थ कोणी काढला तर तो धोक्याचा ठरेल. चिलमीचा दम खोल छातीत जातो, तोंडाच्या आणि फुप्फुसाच्या कर्करोगाशी तिचे नाते आहे, आणि एकाच छापीतून चौघांनी ओढल्याने क्षयासारखा रोग पसरायला वाट मिळते. हुक्क्यातले पाणी धूर थंड करते, विष गाळत नाही. तंबाखू थोडी म्हणजे धोका थोडा, हे समीकरणही खोटे आहे, आणि विडीच त्याचा पुरावा आहे. विडीत सिगारेटच्या कितीतरी कमी, साधारण पाव ग्रॅमच्या आत तंबाखू असते. तरी ती विझू नये म्हणून वारंवार आणि जोराने ओढावी लागते, आणि तिच्या धुरातून शरीरात जाणारे डांबर आणि निकोटिन सिगारेटपेक्षा जास्त भरते. म्हणून जुन्या साधनांकडे परत जाण्याचा सल्ला मी देत नाही. त्या साधनांनी एक गोष्ट शिकवली तेवढी घ्यावी: इच्छा आणि तिची पूर्ती यांच्यामध्ये उसंत असेल तर माणसाला स्वतःच्या सवयीवर काही हक्क उरतो, आणि उसंत काढून घेतली की तो हक्क विकणाऱ्याकडे जातो.

या दृष्टीने पाहिले की तंबाखूविरोधी कायद्यांचा अर्थ अधिक नीट कळतो. २००३ च्या केंद्रीय कायद्याने सार्वजनिक जागी धूम्रपानाला बंदी केली आणि शाळेपासून शंभर यार्डांच्या आत तंबाखू विकायला मनाई केली. महाराष्ट्राने २०१२ मध्ये गुटख्यावर बंदी घातली आणि २०२० मध्ये सुटी सिगारेट आणि सुटी विडी विकायला मनाई केली. पुष्कळांना हे नियम सरकारी जाच वाटतात. ‘ज्याला ओढायची तो ओढणारच, ज्याला खायची तो खाणारच,’ असे म्हटले जाते. ज्याचे व्यसन जुने आहे त्याच्याबाबत हे बरेच खरे आहे. त्याला वैद्यकीय मदत हवी, नियम पुरणार नाही. पण हे नियम मुख्यतः त्याच्यासाठी नाहीतच. ते आहेत पहिली पुडी घेऊ पाहणाऱ्या पंधरा वर्षांच्या मुलासाठी आणि सोडू पाहणाऱ्या त्याच्या बापासाठी. त्या दोघांच्या वाटेत चार पावले जास्तीची टाकणे, सुटी विडी न मिळणे, शाळेजवळ टपरी नसणे, किंमत परवडेनाशी होणे, हे सगळे म्हणजे यंत्राने आणि पुडीने काढून घेतलेला खटाटोप पुन्हा उभा करणे आहे. आणि तो यावेळी विडी वळणाऱ्या बाईच्या अंगावर न टाकता विकणाऱ्याच्या अंगावर टाकायचा आहे. त्या बाईला दुसरे काम मिळवून देण्याची जबाबदारीही त्याच धोरणाचा भाग असली पाहिजे.

तंबाखूची पकड ढिली करण्याचे काम उपदेशाने फारसे झालेले नाही. जहांगीराचा हुकूम फसला, तोकुगावांचे हुकूम फसले, कारण ते पान आवडू नये असे सांगत होते आणि आवड हुकमाने जात नाही. मिळण्याची सोय मात्र नियमाने, किमतीने आणि गावाच्या निश्चयाने नक्की कमी करता येते. येलदरीसारख्या गावात शाळा, ग्रामपंचायत आणि आरोग्य केंद्र यांनी मिळून शाळेच्या परिसरातली विक्री थांबवली, सोडू इच्छिणाऱ्याला उपचाराची वाट दाखवली आणि घरोघरी पुडीबद्दल उघडपणे बोलणे सुरू केले, तर ही सोय कमी होईल, आणि त्यासाठी नव्या संशोधनाची वाट पाहण्याची गरज नाही. माणूस सोपे तेच पुन्हा पुन्हा करतो, हे चार शतकांच्या अनुभवाने दोन देशांत सिद्ध झाले आहे. म्हणून मुलांच्या बाबतीत तरी तंबाखू मिळणे अवघड आणि सोडणे सोपे करणे, हे गावाच्या हातात असलेले काम आहे आणि ते गावाने आपले मानले पाहिजे.